दीना म्हणजे निवाडा

बेनाजीराव आपटेकरांना आयुष्यभर एकाच शब्दाचा अर्थ लोकांना समजावून सांगावा लागला. तो शब्द त्यांनी स्वतः निवडला होता. ते त्यांच्या मुलीचे नाव होते.

मी पनवेलच्या दिवाणी न्यायालयात कारकून म्हणून रुजू झालो तेव्हा महायुद्ध चालू होते. बेनाजीराव माझ्याहून बऱ्याच वर्षांनी वडील. साक्षीदारांच्या जबान्या मराठीत उतरवून घेण्याचे काम त्यांच्याकडे होते. पुढे ते शिरस्तेदार झाले. मूळ नाव बिन्यामीन. कोकणातल्या इस्रायल लोकांत, म्हणजे इथल्या यहुद्यांत, अशी नावे दोन-तीन पिढ्यांत मराठी वळणाची होत. बिन्यामीनचा बेनाजी झाला आणि कचेरीने त्याला 'राव' जोडला. आजोबांचा आपट्याला तेलाचा घाणा होता. शनिवार धर्माने विश्रांतीचा, त्या दिवशी घाणा बंद, म्हणून गाव त्यांना शनवार तेली म्हणे. ही हकीकत ते स्वतःच सांगत. लपवण्यासारखे त्यात काही नाही आणि मिरवण्यासारखेही नाही, एवढेच त्यावर त्यांचे म्हणणे.

अंगाने उंच, मानेत किंचित पोक, बंद गळ्याचा कोट, काळी टोपी. हसत क्वचित. शनिवारी ते कचेरीत येत नसत. त्याबद्दल रविवारी एकटे येऊन दप्तर लावीत. सबजज्ज बदलला की नव्या साहेबापुढे उभे राहून ही व्यवस्था समजावून सांगत. एका साहेबाने विचारले, "आणि मी नाही म्हटलं तर?" बेनाजीराव म्हणाले, "तर मी शनिवारी येणार नाही आणि रविवारीही येणार नाही." साहेब नाही म्हणाले नाहीत.

साक्षीदाराचे बोलणे संपले की लिहिलेले त्याला वाचून दाखवायचे असते. बहुतेक ठिकाणी हे काम घाईने उरकतात. साक्षीदार मान हलवतो, अंगठा उठवतो. बेनाजीराव प्रत्येक वाक्याशी थांबत आणि विचारत, "असेच म्हणालात?" उत्तर आल्यावाचून पुढचे वाक्य नाही. ही सवय त्यांच्या इतकी अंगी भिनली होती की बाजारातही सुटत नसे. विचुंब्याची एक म्हातारी कचेरीच्या वाटेवर भाजी घेऊन बसे. तिच्यापुढे उभे राहून ते म्हणत, "म्हणजे तुझं म्हणणं असं, की वांगी ताजी आहेत, पण तोडली परवा."

"तसा कवा बोलली वं मी? काल तोडली बोलली."

"काल. बरं. आणि भेंडीचं काय म्हणालीस?"

"भेंडीचा मी कायच नाय बोलली. तुमी घेताव का जबानी लिवताव?"

ते भाजी घेत. भाव केल्याचे मी कधी पाहिले नाही.

त्यांना मुलगी झाली ती मला नोकरी लागल्यानंतर पहिल्याच थंडीत. लग्नाला बरीच वर्षे झाली होती. पाळण्यात घालण्याच्या दिवशी आम्हा कचेरीच्या चार माणसांना बोलावणे होते. त्यांची थोरली बहीण सिपोराबाई पेणहून आली होती. ती विधवा होती आणि पुढे कायमची भावाकडेच राहिली. बोलण्यात सडेतोड. भावाने नाव सांगितले तेव्हा पाळण्याची दोरी तिच्या हातात होती. तिने ती सोडली.

"दीना? बेनाजी, शुद्धीवर आहेस ना? त्या पोरीचं काय झालं ते तूच मशिदीत वाचून दाखवतोस."

इस्रायल लोक आपल्या प्रार्थनामंदिराला मशीद म्हणत. मुसलमानांची मशीद वेगळी, यांची वेगळी, आणि पनवेलात कुणाचा घोटाळा होत नसे. मशिदीत दर शनिवारी धर्मग्रंथाचा ठरलेला भाग वाचला जातो. मुलगी जन्मली त्या आठवड्याच्या भागात याकोबाची मुलगी दीना हिची कथा होती. दीना परक्या गावात मैत्रिणींना भेटायला गेली. तिथल्या सरदाराच्या मुलाने तिच्यावर बळजोरी केली. मग त्याने लग्नाची मागणी घातली, आणि तिच्या भावांनी कपटाने सारे गाव कापून काढले. कथा एवढीच. आपल्या मुलीला हे नाव ठेवायला फारसे कुणी धजत नाही.

बेनाजीराव म्हणाले, "ताई, त्या अध्यायात सगळे बोलतात. बाप बोलतो, भाऊ बोलतात, तो मुलगा बोलतो, त्याचा बाप बोलतो. दीना काय म्हणाली?"

"ती कुठं काय म्हणाली?"

"तेच. तिची जबानी कुणी घेतलीच नाही. नाव वाईट नाही. कामकाज वाईट झालं."

सिपोराबाईंनी दोरी पुन्हा धरली, पण गाणे म्हटले नाही. गाणे शेजारणीने म्हटले.

दुसऱ्या दिवशी कचेरीत मधल्या सुट्टीत विषय निघाला. आमचे बेलीफ हसनमियां हे तळोज्याकडचे कोकणी मुसलमान, गोलमटोल आणि बोलके. डबा उघडताना ते म्हणाले, "बेनाजीराव, नाव झकास ठेवलंत. आमच्यात दीन म्हणजे धर्म. पोर धार्मिक निघेल बघा."

मी म्हणालो की मराठीत दीन म्हणजे गरीब, केविलवाणा. लोक तोच अर्थ घेतील.

बेनाजीरावांनी भाकरीचा तुकडा खाली ठेवला. "दोघांचं म्हणणं मला कळलं. लेले, तुमचा दीन संस्कृतातला. त्याचा माझ्या मुलीशी संबंध नाही. हसनमियां, तुमचा जवळचा आहे, पण त्याच्या पोटात दुसरा अर्थ आहे. नमाजात तुम्ही अल्लाला कुठल्या दिवसाचा मालिक म्हणता?"

"यौमिद्दीनचा. कयामतचा."

"कयामतला काय होतं?"

"हिशेब होतो. ज्याचा त्याचा निवाडा."

"तोच दीन. आमच्या हिब्रूतही दीन म्हणजे निवाडा. निवाडा देणारा तो दय्यान. निवाडा जिथं होतो ते शहर, म्हणून तुमचं मदीना. ही सगळी एका घरची मंडळी. दीना म्हणजे जिचा निवाडा झाला ती. किंवा जिला न्याय मिळाला ती. दोन्ही अर्थ होतात."

"म्हणजे आपलं दिवाणी कोर्टपण त्यातलंच?" हसनमियांनी विचारले.

"नाही. दिवाण फारसी. ओढून आणायचं नाही."

मग त्यांनी आणखी एक गोष्ट सांगितली. कोचीनहून आलेल्या एका हजानाने, म्हणजे प्रार्थना चालवणाऱ्याने, ती लहानपणी त्यांना शिकवली होती. याकोबाला दोन बायका, लेआ आणि राहेल, सख्ख्या बहिणी. दोन दासीही होत्या. याकोबाला एकूण बारा मुलगे होणार हे ठरलेले. लेआला सहा झाले, दासींना दोन-दोन. उरले दोन. लेआला सातव्यांदा दिवस गेले तेव्हा तिने मनाशी विचार केला, की हाही मुलगा झाला तर राहेलच्या वाट्याला एकच उरतो. माझी बहीण दासींहूनही उणी ठरेल. तेव्हा तिने स्वतःच्या पोटच्या गर्भाविरुद्ध निवाडा दिला आणि मुलगी मागितली. मुलगी झाली. म्हणून तिचे नाव दीना. बारावा मुलगा राहेलला झाला.

"त्याचं नाव काय?" मी विचारले.

"बिन्यामीन," बेनाजीराव म्हणाले. "तिने जागा सोडली म्हणून मी आहे."

ते हसले नाहीत. पण त्या दिवशी भाकरी मात्र चवीने खाल्ली.

पनवेलने अर्थातच संस्कृतातला अर्थ घेतला. मुलगी शाळेत गेली तेव्हा पहिल्याच महिन्यात मास्तरांनी हजेरीवर दीनाचे दिना केले. बेनाजीराव शाळेत गेले. ऱ्हस्व-दीर्घाचा एवढा आग्रह कशाला, असे मास्तर म्हणाले. बेनाजीराव म्हणाले, "तुमच्या विषयात मी बोलत नाही. पण उद्या तुमच्या नावाचा उकार कुणी हरवला तर तुम्ही शोधायला जालच." मास्तरांचे नाव विष्णू होते. दीर्घ ई परत आली. मुले मात्र तिला दीनवाणी म्हणू लागली. एका संध्याकाळी मी त्यांच्या ओटीवर बसलो असताना ती दप्तर आपटून म्हणाली, "बाबा, माझं नाव बदला. मालती करा."

"कोण काय म्हणालं?"

"सगळे दीनवाणी म्हणतात."

"तू काय म्हणालीस?"

"मी म्हटलं, मी दीनवाणी नाही."

"हे चुकलं. ते काय म्हणतात याला उत्तर द्यायचं नाही. नावाचा अर्थ सांगायचा. निवाडा."

दुसऱ्या दिवशी तिने तो सांगितला. मुले तिला जज्जबाई म्हणू लागली. हे तिला आवडले. मधल्या सुट्टीत गोट्यांची भांडणे तिच्याकडे येऊ लागली, असे सिपोराबाई सांगत. "बापाने पोरीला सबजज्ज करून ठेवलंय. घरात माझंसुद्धा ऐकून घेते नि मग निकाल देते."

तिची आई पुढे लवकरच वारली. त्याबद्दल बेनाजीराव माझ्याशी कधी बोलले नाहीत. मीही विचारले नाही. त्यानंतरच्या शनिवारी ते नेहमीप्रमाणे मशिदीत गेले आणि रविवारी नेहमीप्रमाणे दप्तर लावले, एवढे मला माहीत आहे.

कचेरीतली एक गोष्ट इथे सांगितली पाहिजे. उलव्याच्या एका कोळणीचा खाडीतल्या जागेवरून दिराशी दावा चालला होता. डोल जाळे बांधायच्या खुंट्यांची जागा. नवऱ्यामागे ती तिची, असे दाव्यात लिहिले होते. तिची साक्ष झाली. भरतीची वेळ साधून गावी परतायचे म्हणून ती घाईत होती, वकील जेवायच्या घाईत. बेनाजीराव जबानी वाचू लागले. "'जागा आमची आहे.' असेच म्हणालात?"

"नाय."

वकील म्हणाले, "अहो, तेच म्हणाली ती. पुढे चला."

बेनाजीरावांनी टाक खाली ठेवला. "साहेब, साक्षीदार नाही म्हणतात. ऐकताना माझ्याकडून काही सुटलं असावं."

साहेबांनी घड्याळाकडे पाहिले आणि बाईला बोलायला सांगितले. ती म्हणाली, "जागा आमची व्हती, असा बोलली मी. मंग दादल्यानं मरायच्या आदी ती भावाला देली. तोंडी देली. माज्या म्होरं देली. पन दिरानं मला माशाचा वाटा द्यायचा कबूल केलंता, तो देत नाय. माजा भांडान वाट्याचा हाय, जागेचा नाय."

त्या एका वाक्याने जागेचा दावा बुडाला. वाट्याचे काय ते नंतर दोघांत आपसात मिटले. वकील बाहेर येऊन बेनाजीरावांवर भडकले. म्हणाले, तुम्ही माझ्या अशिलाचा गळा कापलात. बाई तिथेच पायरीवर बसून टोपली डोक्यावर घ्यायच्या तयारीत होती. ती वकिलांना म्हणाली, "त्यांना कशाला बोलताव? मी बोलली ता त्यांनी लिवला. तुमी माजा ऐकलाच नाय."

बेनाजीरावांनी तिला टोपली उचलून द्यायला हात लावला.

इथपर्यंतचा माणूस सगळ्या पनवेलला माहीत होता. पुढचा फार थोड्यांना माहीत आहे.

दीना मुंबईला नर्सिंग शिकून आली आणि पनवेलच्या दवाखान्यात बाळंतिणींकडे पाहू लागली. कामात चोख, बापासारखी उंच. तोवर बेनाजीराव निवृत्त झाले होते आणि मशिदीचे मुकादम, म्हणजे कारभार पाहणारे, होते. त्याच सुमारास इस्रायल लोकांची घरे एकामागून एक बंद होऊ लागली. आज हे कुटुंब नव्या इस्रायल देशाला निघाले, उद्या ते. कुणी रोह्याचे, कुणी पेणचे, कुणी आपल्याच गल्लीतले. सामूहिक प्रार्थनेला दहा पुरुष लागतात. दहा भरल्याशिवाय धर्मग्रंथाची गुंडाळी कपाटातून काढता येत नाही. पूर्वी मशिदीत उभे राहायला जागा नसे. आता शनिवारी सकाळी बेनाजीराव दारात उभे राहून माणसे मोजत.

दीनाचे मामा मुंबईहून सहकुटुंब जायला निघाले. दीनाला त्यांच्याबरोबर जायचे होते. बेनाजीरावांना ते नको होते. 'नको' असे त्यांनी कधी म्हटले नाही. त्यांनी एवढेच केले की तिला बोलू दिले नाही.

ती सोमवारी विषय काढी. ते म्हणत, "शनिवारी निवांत बोलू." शनिवार आला की म्हणत, "आज शब्बाथ. आज असलं बोलणं नको." ती सज्ञान होती, स्वतः कमावत होती, निघून गेली असती तर कुणी अडवले नसते. पण बापाने ऐकून घेतल्यावाचून ती निघणार नव्हती, आणि हे त्यांना पक्के ठाऊक होते. संध्याकाळी ते माझ्या ओटीवर येऊन बसत आणि ती दवाखान्यातून येऊन झोपायची वेळ झाली की उठत. तिकडच्या ज्या बातम्या येत त्यांतल्या वाईट तेवढ्या सांगत. तिकडे गेलेल्या आपल्या माणसांना लग्नाच्या वेळी तुम्ही खरे यहुदी कशावरून असे विचारतात, ही बातमी मी त्यांच्या तोंडून अनेकदा ऐकली. ती खोटी नव्हती. पण ती ते मला सांगत, दीनाला नाही. दीनाला सांगितली असती तर तिचे उत्तर ऐकावे लागले असते.

मामांच्या जाण्याची तारीख ठरली. उरलेला वेळ आठवड्यांवर आला. शेवटी सिपोराबाईंनी तोंड उघडले. माझ्यासमोरच. "बेनाजी, सरकारच्या पगारावर साऱ्या तालुक्याचं ऐकलंस. घरच्या पोरीला नुसत्या तारखा देतोयस. ती माझ्यासारखी पेणच्या सासरी गप्प राहिलेली सिपोरा नव्हे. तूच तिला दीना केलंस, मी नाही म्हणत होते."

बेनाजीराव उठून आत गेले. त्या शनिवारी सूर्य मावळून तीन तारे दिसल्यावर, म्हणजे शब्बाथ संपल्यावर, त्यांनी मला आणि हसनमियांना बोलावून घेतले. घरात दिवा लावला होता. दीना भिंतीशी स्टुलावर बसली होती. सिपोराबाई चुलीपाशी. बेनाजीरावांनी आम्हाला दोन खुर्च्या दिल्या आणि स्वतः जमिनीवर बसले.

"मी इथं पक्षकार आहे," ते म्हणाले. "पक्षकाराच्या कानावर भरवसा ठेवता येत नाही. म्हणून तुम्ही."

दीना म्हणाली, "बाबा, मधे बोलायचं नाही."

"नाही बोलत."

"इथं मला कुणी त्रास दिलेला नाही. हे आधी सांगते, नाहीतर तुम्ही तेच धरून बसाल. पनवेल माझं आहे. पण माझ्या वयाचं आपल्यातलं कुणी उरत नाही. दवाखान्यात बाळंतीण नाव विचारते. मी सांगते. ती म्हणते, अगो बाई, असं कसं गो नाव ठेवलंनी? मग मी अर्थ सांगते. रोज सांगते. मला एकदा अशा ठिकाणी राहायचंय जिथं तो सांगावा लागत नाही."

"तिथं तर तुम्ही यहुदी कशावरून असं..."

"बेनाजीराव," हसनमियां म्हणाले, "साक्षीदाराला बोलू द्या."

दीना म्हणाली, "ते मला ठाऊक आहे. विचारतील तेव्हा उत्तर देईन. आता मशीद. तुम्ही साऱ्यांना सांगता, माणसं गेली तर दहा भरणार नाहीत. बाबा, मला दहांत धरतात का? मी गेले तर एक कमी होत नाही, राहिले तर एक वाढत नाही. मशिदीसाठी तुम्ही मला अडवत नाही. तुम्ही मला स्वतःसाठी ठेवून घेताय. तसं म्हणालात तर मी विचार करीन. मशिदीचं नाव पुढं करू नका."

ती थांबली. सिपोराबाईंनी चुलीतले लाकूड मागे ओढले.

बेनाजीराव तिचे म्हणणे परत सांगू लागले. कागद नव्हता. तरी आवाज कचेरीतलाच होता. "इथं तुला कुणी त्रास दिलेला नाही. असेच म्हणालीस?"

"हो."

"तुझ्या वयाचं कुणी उरत नाही."

"हो."

नाव, बाळंतिणी, अर्थ, यहुदी असल्याचा प्रश्न, दहा पुरुष. प्रत्येकाशी ते थांबले. प्रत्येकाला ती हो म्हणाली. शेवटी ते म्हणाले, "मशिदीचं नाव पुढं करू नये. एवढंच?"

"एक वाक्य राहिलं, बाबा."

"कोणतं?"

"तुम्हाला माहीत आहे कोणतं."

मी त्यांना इतकी वर्षे जबान्या वाचताना पाहिले होते. एखादा शब्द त्यांच्याकडून निसटला असेल. त्यांनी वाक्य गाळल्याचे मला आठवत नाही. हसनमियांनी माझ्याकडे पाहिले. मी दिव्याकडे पाहिले. सांगायचे आमच्यापैकी कुणीही सांगू शकला असता. त्यासाठीच आम्हाला बोलावले होते. आम्ही बोललो नाही.

"'तुम्ही मला स्वतःसाठी ठेवून घेताय,'" बेनाजीराव म्हणाले. "असेच म्हणालीस?"

"हो."

"बरोबर आहे."

दीनाने पदर तोंडाशी नेला होता, पण ती रडत नव्हती. शेवटी ती म्हणाली, "तुम्ही राहा म्हणालात तर मी राहीन. आता राहीन."

"ते माहीत आहे," बेनाजीराव म्हणाले. "म्हणूनच म्हणत नाही. मी एकटा राहीन हे माझं दुःख आहे. ती हरकत होत नाही. लेआने पोटच्या जिवाविरुद्ध निवाडा दिला. मला फक्त माझ्याविरुद्ध द्यायचा आहे. तू जा."

हसनमियांनी हलकेच विचारले, "आणि अपील?"

"नाही."

सिपोराबाई म्हणाल्या, "चहा घ्या. निवतोय."

ती गेली तेव्हा एस.टी. स्टँडवर आम्ही तिघेच होतो. सिपोराबाई घरीच थांबल्या. वळकटी बेनाजीरावांनी स्वतः उचलली, हमालाला हात लावू दिला नाही. दीना पाया पडली. ते म्हणाले, "नाव कुणी चुकीचं म्हटलं तर दुरुस्त कर. एकदाच. दोनदा नको, लोक कंटाळतात." हा उपदेश त्यांनी स्वतः कधी पाळला नव्हता. दीनाच्या ते लक्षात आले असावे. ती हसली आणि गाडीत चढली. गाडी गेल्यावर ते आम्हाला म्हणाले, "चला," आणि आमच्यापुढे चालू लागले.

पुढे माझी बदली अलिबागला झाली. पत्रे लिहिण्याचा स्वभाव त्यांचा नव्हता, माझाही नव्हता. सिपोराबाई वारल्याचे हसनमियांकडून कळले.

त्यांना मी शेवटचे पाहिले ते एका शनिवारी सकाळी. माझ्या मुलीच्या लग्नाच्या खरेदीसाठी पनवेलला आलो होतो. मशिदीवरून जाताना ते दारात उभे दिसले. तोच कोट, अंगावर सैल झालेला. आत बाकांवर तुरळक माणसे बसली होती, बहुतेक म्हातारी. मी थांबलो.

"किती जण आहेत?" मी विचारले.

"नऊ. रोडपालीचा मनश्शे येतो म्हणालाय. त्याचे गुडघे दुखतात. येईल किंवा येणार नाही." मग माझ्याकडे पाहून म्हणाले, "लेले, तुम्ही इतकी वर्षं ओळखीचे, पण आज काही उपयोगाचे नाही."

मी दीनाचे विचारले.

"बरी आहे. तिथंही बाळंतिणींकडेच पाहते. लग्न झालं. त्याआधी पुष्कळ प्रश्न विचारले तिला. तिने सगळ्यांची उत्तरं दिली." त्यांनी एकदा रस्त्याकडे पाहिले. "नावाचा अर्थ तिथं कुणी विचारत नाही. भाजीवालीलाही माहीत असतो. आडनाव तिने माहेरचंच ठेवलंय, त्याचा मात्र विचारतात. आपटेकर म्हणजे काय? मग ती सांगते, आपटा म्हणून गाव आहे, पनवेलजवळ. पनवेल कुठं? मुंबईच्या पलीकडं. रोज कुणीतरी विचारतं म्हणे."

"म्हणजे सांगणं सुटलं नाही," मी म्हणालो.

"नाही. ते तिने मला कळवलं. मी विचारलं नव्हतं."

आतून कुणीतरी त्यांना हाक मारली. ऊन वाढत होते. आणखी वाट पाहायची की ज्याची त्याने प्रार्थना करून घरी जायचे, असे विचारीत असावेत. बेनाजीराव आत पाहून म्हणाले, "थोडा वेळ." मग मला मान लववून त्यांनी निरोप दिला.

कोपऱ्यावर वळताना मी मागे पाहिले. दाराचे एक कवाड त्यांनी लावून घेतले होते. दुसऱ्याला हात टेकून ते रोडपालीकडून येणाऱ्या रस्त्याकडे पाहत होते.